जुवैरिया : नावाचा अर्थ आणि नावामागचे चारित्र्य

पवित्र कुरआनात मुलीच्या नामकरणाचा एक हृद्य प्रसंग आला आहे. हजरत मरयम (अलै.) यांच्या मातेने आपल्या नवजात कन्येचे नाव मरयम ठेवले आणि त्याच वेळी तिला व तिच्या संततीला सैतानापासून सुरक्षित ठेवण्यासाठी अल्लाहच्या आश्रयात सोपविले (सूरह आलि इम्रान ३:३६). नाव आणि दुआ या दोन्ही गोष्टी त्या मातेच्या तोंडून एकत्रच निघाल्या. मुलीचे नाव ठेवणे म्हणजे केवळ तिला हाक मारण्याची सोय करणे नव्हे. ती मातापित्यांची अपत्याविषयीची पहिली प्रार्थना असते, हे या आयतीवरून उमगते.

आज आपल्या घरांत मुलगी जन्माला आली की नावाचा शोध सुरू होतो. नाव दुर्मीळ असावे, अर्थ भव्य असावा, नात्यागोत्यात दुसऱ्या कोणाचे नसावे, अशा अपेक्षा असतात. यात गैर काही नाही. हजरत याह्या (अलै.) यांच्याविषयी अल्लाहनेच सांगितले आहे की, त्यांच्यापूर्वी हे नाव कोणालाही दिले गेले नव्हते (सूरह मरयम १९:७). परंतु याच्या जोडीला आणखी एक प्रश्न आता सर्रास विचारला जातो : “या नावाच्या मुलीचा स्वभाव कसा असतो?” जणू स्वभाव नावाच्या पोटातच दडलेला असतो! या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी फातिमा, आयेशा, जैनब या नावांच्या मानाने आपल्याकडे कमी ऐकू येणारे एक नाव आपण पाहू. ते नाव स्वतः प्रेषित मुहम्मद (स.) यांनी निवडलेले आहे : जुवैरिया.

शब्दाचा अर्थ

अरबी भाषेत ‘जारिया’ म्हणजे मुलगी, तरुण कन्या. हा शब्द ज्या धातूपासून बनला त्याचा अर्थ वाहणे, धावणे, पुढे जाणे असा आहे. म्हणूनच पाण्यावरून चालणाऱ्या नौकेलाही अरबीत ‘जारिया’ म्हणतात. हजरत नूह (अलै.) यांच्या नौकेसाठी कुरआनात हाच शब्द आला आहे (सूरह अल-हाक्का ६९:११). ‘जुवैरिया’ हे ‘जारिया’चे लघुत्वदर्शक रूप होय. हसनपासून हुसैन आणि अब्दुल्लाहपासून उबैदुल्लाह ही नावे याच पद्धतीने बनली. लघुत्वदर्शक रूपात लहानपणाबरोबर माया आणि जिव्हाळाही असतो. मराठीत ‘माय’ची ‘माउली’ होते तेव्हा शब्दात जो ओलावा येतो, तसाच काहीसा हा प्रकार आहे. तेव्हा जुवैरियाचा सरळ अर्थ ‘छोटीशी मुलगी’, ‘लाडकी कन्या’ असा होतो.

काही पालक ‘जारिया’ म्हणजे दासी असे कोठेतरी वाचतात आणि मनात असूनही हे नाव टाळतात. हा शब्द पुढे त्या अर्थानेही वापरला गेला, हे खरे आहे. तथापि त्याचा मूळ अर्थ मुलगी हाच असून हदीसमध्ये लहान मुलींसाठी तो सहजपणे आला आहे. शिवाय जे नाव प्रेषितांनी (स.) आपल्या पत्नीसाठी पसंत केले, त्याविषयी मनात किंतु ठेवण्याचे कारणच उरत नाही.

‘बर्रा’ची ‘जुवैरिया’ का झाली?

या नावाची खरी शिकवण त्याच्या जन्मकथेत आहे. हजरत इब्ने अब्बास (रजि.) यांच्या कथनानुसार हजरत जुवैरिया (रजि.) यांचे पहिले नाव ‘बर्रा’ होते. प्रेषितांनी (स.) ते बदलून जुवैरिया ठेवले. कारण ‘प्रेषित बर्राकडून निघून गेले’ असे कोणी म्हणावे, हे त्यांना आवडत नसे (सहीह मुस्लिम).

‘बर्रा’ या शब्दाचा अर्थ नेक, पुण्यशील, सदाचारी स्त्री असा आहे. अर्थाच्या भव्यतेवर नाव निवडायचे झाले तर ‘बर्रा’ कितीतरी वरचढ ठरेल. एका बाजूला ‘पुण्यशील’ आणि दुसऱ्या बाजूला नुसतीच ‘छोटी मुलगी’! तरीही प्रेषितांनी (स.) पहिले नाव बाजूला सारून दुसरे दिले. ‘बर्राकडून निघाले’ या वाक्यातून ‘पुण्यापासून दूर गेले’ असाही ध्वनी निघत असे, हे त्याचे एक कारण होते. दुसरे कारण हजरत उम्मे सलमा (रजि.) यांची कन्या हजरत जैनब (रजि.) यांच्या कथनातून कळते. त्यांचेही नाव आधी बर्रा होते. प्रेषितांनी (स.) ते बदलताना शिकवण दिली की, स्वतःच्या पावित्र्याची ग्वाही स्वतःच देऊ नये, तुमच्यात पुण्यवान कोण, हे अल्लाह अधिक जाणतो. कुरआनचाही आदेश हाच आहे (सूरह अन-नज्म ५३:३२).

पुण्यशीलता हा नावात मिरविण्याचा किताब नाही. ती आचरणाने मिळवायची आणि अल्लाहने स्वीकारायची गोष्ट आहे. अपत्यासाठी मोठमोठ्या अर्थाचे नाव शोधणाऱ्या प्रत्येक आईवडिलांनी हा बोध मनात जपून ठेवावा.

कैदेतून सन्मानाकडे

हजरत जुवैरिया (रजि.) या खुजाआ कुळातील बनू मुस्तलिक टोळीचा सरदार हारिस बिन अबी जिरार यांच्या कन्या. हारिस मदिनेवर चाल करण्यासाठी माणसे जमवीत असल्याची वार्ता आल्यावर मुरैसीअ नावाच्या पाणवठ्याजवळ संघर्ष झाला. इतिहासकारांनी ही घटना हिजरी सन ५ किंवा ६ मधील, म्हणजे इ.स. ६२७ च्या सुमाराची सांगितली आहे. टोळीचा पराभव झाला, हजरत जुवैरिया (रजि.) यांचे पहिले पती मारले गेले आणि त्या स्वतः युद्धकैदी झाल्या. सरदाराची कन्या एका दिवसात परक्यांच्या ताब्यात गेली. त्या वेळी त्यांचे वय वीस वर्षांच्या आसपास होते.

कैद्यांच्या वाटणीत त्या हजरत साबित बिन कैस (रजि.) यांच्याकडे आल्या. त्या नशिबाला दोष देत बसल्या नाहीत. ठरावीक रक्कम देऊन मुक्त होण्याचा करार, ज्याला ‘मुकातबत’ म्हणतात, तो त्यांनी साबित (रजि.) यांच्याशी केला आणि रकमेसाठी साहाय्य मागण्यास त्या थेट प्रेषितांकडे (स.) गेल्या. आपण कोण, आपल्यावर कोणता प्रसंग ओढवला आणि आपल्याला काय हवे, हे त्यांनी स्पष्ट शब्दांत मांडले. प्रेषितांनी (स.) त्यांची रक्कम भरून त्यांच्याशी विवाह करण्याचा प्रस्ताव ठेवला आणि त्यांनी तो मान्य केला.

ही वार्ता मदिनेत पसरताच सहाबांनी विचार केला की, बनू मुस्तलिकचे लोक आता प्रेषितांचे (स.) सासरकडचे आप्त झाले, त्यांना कैदेत कसे ठेवायचे? या एका विवाहामुळे त्या टोळीतील शंभर कुटुंबे मुक्त झाली. पुढे पिता हारिस यांनीही इस्लाम स्वीकारला. हजरत आयेशा (रजि.) यांनी ही हकिगत सांगताना आपल्या मनात प्रारंभी उमटलेली स्त्रीसुलभ असूया लपविली नाही, आणि तरीही, आपल्या लोकांसाठी जुवैरियाहून अधिक बरकतीची ठरलेली दुसरी स्त्री आपल्याला ठाऊक नाही, अशी साक्ष दिली (सुनन अबू दाऊद).

विवाहानंतरही त्यांची ओळख ‘जुवैरिया बिन्त हारिस’ अशीच राहिली. पित्याचे नाव त्यांच्या नावापासून कधी तुटले नाही, ही गोष्टही लक्षात घेण्याजोगी आहे.

मग या नावाचा स्वभाव कोणता?

त्यांच्या जीवनातील तीन छोटे प्रसंग हदीसग्रंथांनी जतन केले आहेत.

पहिला प्रसंग एका सकाळचा. फजरच्या नमाजनंतर प्रेषित (स.) बाहेर पडले तेव्हा हजरत जुवैरिया (रजि.) नमाजच्या जागी बसून अल्लाहचे स्मरण करीत होत्या. सूर्य बराच वर आल्यावर प्रेषित (स.) परतले, तेव्हाही त्या तेथेच बसलेल्या होत्या. मी गेलो तेव्हापासून तू अशीच बसून आहेस काय, असे त्यांनी विचारले. हजरत जुवैरिया (रजि.) यांनी होकार दिला. तेव्हा प्रेषितांनी (स.) त्यांना चार वचने सांगितली. ती तीनदा म्हटली तर सकाळपासूनच्या साऱ्या स्मरणाहून वजनदार ठरतील, असे फर्माविले. अल्लाहचे पावित्र्य व स्तुती त्याच्या निर्मितीच्या संख्येइतकी, तो स्वतः प्रसन्न होईल इतकी, त्याच्या अर्शच्या वजनाइतकी आणि त्याची वचने लिहिण्यास लागणाऱ्या शाईइतकी, असा त्यांचा आशय आहे (सहीह मुस्लिम). घरकामात गुंतलेल्या माताभगिनींना हा जिक्र किती सोयीचा आहे! आज लाखो मुसलमान सकाळी तो म्हणतात आणि तो आपल्यापर्यंत हजरत जुवैरिया (रजि.) यांच्याच मुखातून पोहोचला आहे.

दुसरा प्रसंग शुक्रवारचा. त्यांनी रोजा ठेवला होता. काल रोजा होता काय, असे प्रेषितांनी (स.) विचारले, त्या नाही म्हणाल्या. उद्या ठेवणार आहेस काय, असे विचारले. त्याही प्रश्नाला त्यांनी नकार दिला. तेव्हा प्रेषितांनी (स.) रोजा सोडण्यास सांगितले (सहीह बुखारी). उपासनेची एवढी ओढ असलेल्या स्त्रीनेही आपली आवड बाजूला ठेवून प्रेषितांच्या (स.) शिकवणीप्रमाणे उपासना केली आणि तो नियम पुढच्या पिढ्यांना सांगितला.

तिसरा प्रसंग स्वयंपाकघरातला. घरात खायला काही आहे काय, असे प्रेषितांनी (स.) विचारले. हजरत जुवैरिया (रजि.) यांनी सांगितले की, आपण मुक्त केलेल्या दासीला सदका म्हणून मिळालेल्या बकरीच्या मांसाच्या हाडाशिवाय काहीही नाही. प्रेषितांसाठी (स.) सदका वर्ज्य होता, म्हणून त्यांनी ते कोठून आले हे न लपविता सांगितले. सदका त्याच्या योग्य ठिकाणी पोहोचला आहे, असे सांगून प्रेषितांनी (स.) ते आणण्यास फर्माविले (सहीह मुस्लिम). घरात दुसरे काही नसतानाही हलाल-हरामविषयी त्यांनी दाखविलेला हा चोखपणा पाहावा!

संकटातही स्पष्ट बोलण्याचे धैर्य, स्मरणात तल्लीनता, आज्ञापालन आणि प्रामाणिकपणा हे हजरत जुवैरिया (रजि.) यांचे गुण आहेत. ‘छोटी मुलगी’ या शब्दार्थातून यांतला एकही गुण निघत नाही. ते त्यांच्या ईमानातून आणि आचरणातून आले. आणि त्यांनीच या साध्या शब्दाला इतिहासात वजन प्राप्त करून दिले. नाव त्यांच्यामुळे मोठे झाले.

नाव ‘भारी’ पडते काय?

मूल सतत आजारी पडू लागले की ‘नाव भारी पडले’ असे म्हणून चांगले इस्लामी नाव बदलण्याची प्रथा आपल्या समाजात आहे. कोणी अक्षरांची बेरीज करवून घेतो, तर कोणी जन्मवेळेशी नाव जुळवून पाहतो. या गोष्टींना इस्लाममध्ये आधार नाही. प्रेषितांनी (स.) अपशकुनाची कल्पना नाकारली आहे. ज्या नावांचा अर्थ वाईट होता ती मात्र त्यांनी बदलली. ‘आसिया’ हे नाव दोन वेगळ्या अक्षरांनी लिहिले जाते. ऐन आणि साद या अक्षरांनी लिहिलेल्या ‘आसिया’चा अर्थ अवज्ञा करणारी असा होतो, ते नाव बदलून त्यांनी ‘जमीला’ ठेवले. फिरऔनच्या ईमानवंत पत्नीचे ‘आसिया’ हे नाव निराळे व निर्दोष आहे.

नावाचा माणसावर काहीच परिणाम होत नाही, असेही नाही. इब्ने कय्यिम (रह.) यांनी ‘जादुल मआद’ या ग्रंथात नाव आणि अर्थ यांच्यातील नात्याची चर्चा केली आहे. चांगल्या नावाने दिवसातून दहा वेळा हाक ऐकणाऱ्या मुलीला त्या नावामागील आदर्शाची आठवण होत राहते. पण हा आदर्श तिला कोणी सांगितला असेल तरच! ज्या जुवैरियाला हजरत जुवैरिया (रजि.) कोण होत्या हेच माहीत नाही, तिच्यासाठी ते नाव म्हणजे केवळ काही अक्षरे होत. ताप आला तर वैद्याकडे न्यावे, दुआ करावी; नावाला बोल लावू नये.

पालकांसाठी काही सूचना

दुर्मीळतेच्या हव्यासापायी कुरआनातील कोणताही शब्द उचलून नाव म्हणून ठेवू नये. ‘अनमता’ हे नाव अलीकडे ऐकू येते. सूरह फातिहातील तो शब्द ‘तू कृपा केलीस’ या अर्थाचे क्रियापद आहे. ते कोणाचे नाव नव्हे. कुरआनात आलेला प्रत्येक शब्द पवित्र असला तरी प्रत्येक शब्द नाव होत नाही. म्हणून अरबी जाणणाऱ्या आलिमांना आधी विचारून घ्यावे.

नाव सातव्या दिवशी अकीक्याबरोबर ठेवावे. जन्मदिवशी ठेवले तरी चालते. प्रेषितांनी (स.) आपले पुत्र इब्राहीम यांचे नाव जन्माच्या रात्रीच ठेवले होते. जन्मदाखल्यावर नावाची वर्णरचना एकदाच नीट ठरवून लिहावी. ‘जुवैरिया’, ‘जुवेरिया’, ‘जवेरिया’ अशी वेगवेगळी रूपे कागदोपत्री पडली की मुलीला पुढे शाळेपासून पारपत्रापर्यंत त्रास होतो. लाडाने नाव आखूड करण्यास हरकत नाही. मात्र हिणविणारे टोपणनाव देण्यास कुरआनने मनाई केली आहे (सूरह अल-हुजुरात ४९:११).

आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे मुलगी समजू लागली की तिला तिच्या नावाची कथा सांगावी. ‘छोटी मुलगी’ एवढाच अर्थ सांगून थांबू नये. शंभर कुटुंबांच्या मुक्तीचे निमित्त ठरलेली ती स्त्री, पहाटे अल्लाहच्या स्मरणात बसलेली ती माता तिच्या डोळ्यांपुढे उभी करावी. ती चार वचने तिला पाठ करून द्यावीत.

हजरत जुवैरिया (रजि.) यांचे निधन हिजरी सन ५० मध्ये (इ.स. ६७०), तर दुसऱ्या एका मतानुसार हिजरी सन ५६ मध्ये मदिनेत झाले. चौदा शतके लोटली तरी आपल्या घरात जन्मणाऱ्या मुलीला आपण त्यांच्या नावाने हाक मारू शकतो. नाव आपण एका दिवसात देतो. त्या नावाला साजेसे जीवन घडविण्यासाठी मात्र आईवडिलांची कित्येक वर्षे खर्ची पडतात. अल्लाह आपल्या कन्यांना सुंदर नावे, त्याहून सुंदर आचरण आणि उम्महातुल मोमिनीन यांच्या पावलांवर चालण्याचे सामर्थ्य देवो. आमीन.