स्वयंपाकघरातील अपघात आणि त्यांची रुग्णालयीन नोंद

उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर ही ठाणे जिल्ह्यातील शहरे मध्य रेल्वेच्या एकाच मार्गावर वसली आहेत. दुसऱ्या महायुद्धातील कल्याण छावणीच्या बराकींत फाळणीनंतर सिंधी निर्वासितांनी संसार मांडले आणि १९४९ साली त्या वसाहतीस उल्हासनगर हे नाव मिळाले. अंबरनाथ व बदलापूर येथे कारखानदारी वाढली. कारखान्यातील यंत्रात कामगाराचा हात सापडला, तर त्या गंभीर अपघाताची सूचना निरीक्षकास देणे १९४८ च्या कारखाने अधिनियमाने बंधनकारक केले. घरच्या मिक्सरच्या पात्यात गृहिणीची बोटे सापडली, तर मात्र त्याची दखल घेणारा निरीक्षक नसतो. ते काम रुग्णालयातील नोंदीनेच व्हावयाचे असते. म्हणूनच ती नोंद कशी होते, हे समजून घेणे अगत्याचे आहे.

दोन प्रश्न, दोन संकेतांक

रोग व मृत्यूची कारणे जगभर एकाच पद्धतीने नोंदविली जावीत, यासाठी फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ झाक बर्तियाँ यांनी १८९३ मध्ये एक वर्गीकरण मांडले. १९४८ पासून जागतिक आरोग्य संघटना त्याचे काम पाहते. दहावी आवृत्ती १९९० मध्ये मान्य झाली, तर अकरावी १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली. येथील उदाहरणे दहाव्या आवृत्तीतील आहेत.

इजेच्या नोंदीत दोन प्रश्नांची उत्तरे लागतात : इजा कोणती झाली आणि ती कशामुळे झाली? मनगट व हात भाजल्यास ‘टी-२३’ हा संकेतांक दिला जातो. परंतु एवढ्याने अपघात कळत नाही. उकळते तेल किंवा आमटी सांडली असेल तर ‘एक्स-१०’, उकळते पाणी असेल तर ‘एक्स-१२’, कुकरची वाफ लागली असेल तर ‘एक्स-१३’ आणि तापलेल्या शेगडीचा किंवा भांड्याचा चटका बसला असेल तर ‘एक्स-१५’ हा बाह्य कारणाचा संकेतांक जोडावा लागतो. पदराने पेट घेतल्यास ‘एक्स-०६’, रॉकेलचा भडका उडाल्यास ‘एक्स-०४’, सिलिंडरचा स्फोट झाल्यास ‘डब्ल्यू-३६’, तर मिक्सरच्या पात्याने जखम झाल्यास ‘डब्ल्यू-२९’ असे क्रमांक आहेत. घटना घरी घडली असल्यास पुढे शून्य हा अंक येतो.

हा केवळ आकड्यांचा खेळ नव्हे. हात भाजला एवढीच नोंद झाली, तर उपाय सुचत नाही. वाफेमुळे भाजल्याच्या नोंदी वाढल्या, तर कुकरची झडप व रबरी कडे तपासण्याचा प्रचार करता येतो. तेल सांडून मुले भाजत असतील, तर जमिनीवरील शेगडी ओट्यावर नेण्याचा सल्ला देता येतो. कारणाप्रमाणे उपाय बदलतो.

अपघात की अन्य काही?

भाजण्याच्या प्रत्येक घटनेस अपघात म्हणणे योग्य नाही. ‘स्टोव्हचा भडका उडाला’ या एका वाक्याआड अनेक विवाहितांचा छळ झाकला गेला. त्या काळातील जनजागृतीतून भारतीय दंड संहितेत १९८३ मध्ये कलम ४९८-अ आणि १९८६ मध्ये हुंडाबळीविषयीचे कलम ३०४-ब आले. १ जुलै २०२४ पासून या तरतुदी भारतीय न्याय संहितेच्या अनुक्रमे ८५ व ८० या कलमांत आहेत.

वर्गीकरणातही हा भेद आहे. आग व ज्वाळा यांमुळे झालेल्या इजेस अपघात असल्यास ‘एक्स-००’ ते ‘एक्स-०९’, स्वतः पेटवून घेतल्यास ‘एक्स-७६’, दुसऱ्याने पेटविल्यास ‘एक्स-९७’ आणि हेतू निश्चित करता आला नसेल तर ‘वाय-२६’ हा संकेतांक आहे. संकेतांक देणारा कर्मचारी न्यायाधीश नव्हे. उपलब्ध नोंदींवरून हेतू ठरविता येत नसताना केवळ सोयीसाठी ‘अपघात’ लिहू नये.

मृत्यूची नोंद

रुग्णालयातील मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्रात, म्हणजे नमुना ४ मध्ये, इजा कशी झाली हा प्रश्न विचारलेला असतो. भाजलेला रुग्ण काही दिवसांनी जंतुसंसर्गाने दगावला आणि कारण म्हणून फक्त जंतुसंसर्ग लिहिला, तर ज्या आगीने मृत्यूची मालिका सुरू झाली तीच गणनेतून निसटते. मूळ कारण नोंदविणे हे या प्रमाणपत्राचे प्रयोजन होय.

पहिल्या नोंदीचे महत्त्व

उल्हासनगरच्या मध्यवर्ती रुग्णालयात परिसरातील शहरांतून व खेड्यांतून रुग्ण येतात. अधिक भाजलेल्या रुग्णास ऐरोली किंवा मुंबईच्या विशेष उपचार केंद्रात हलविण्याची वेळ येऊ शकते. पुढील रुग्णालयात जखम दिसते, परंतु घटना पाहिलेले शेजारी तेथे नसतात. म्हणून पहिल्याच केसपेपरवर चार गोष्टी स्पष्ट लिहिल्या जाव्यात : कोणते उपकरण, काय घडले, कोठे घडले आणि ही माहिती कोणी दिली. ‘भाजल्याने दाखल’ या दोन शब्दांपेक्षा ‘घरी कुकर उघडताना वाफ लागून उजवा हात भाजला, माहिती रुग्णाने स्वतः दिली’ हे वाक्य कितीतरी उपयोगाचे आहे.

पंचायत सदस्यांनी रुग्णासोबत घटनेची माहिती असणारी व्यक्ती पाठवावी. शिक्षकांनी मुलांना गॅसची नळी, कुकर व विजेची उपकरणे यांविषयी दक्षतेचे धडे द्यावेत. अधिकाऱ्यांनी जमा झालेल्या नोंदींचा वेळोवेळी आढावा घेऊन त्यातून दिसणारी कारणे गावापर्यंत पोहोचवावीत. एका घरात झालेली इजा नीट लिहिली गेली, तर दुसऱ्या घरातील इजा टळू शकते. नोंदवहीचे खरे मोल यातच आहे.