राब भाजावा, रान जाळू नये

पासलीकडील डोंगरउतारांवर शिमग्याच्या सुमारास गवत वाळते, आणि राबातील एक ठिणगीही सारे रान पेटविण्यास पुरते. कित्येक जण तर पुढील साली गवत जोमाने यावे म्हणून डोंगर मुद्दाम जाळतात. कोवळा कोंब लवकर दिसतो खरा. परंतु उघड्या उतारावरील राख व माती पहिल्या पावसासरशी वाहून जाते, आणि झाडांची रोपे जळून रान विरळ होते.

महसुली नोकरीत आम्ही पाहिले की, कायद्याच्या कलमाची ओळख बहुधा गुन्हा घडल्यावरच होते. म्हणून सांगतो. १९२७ च्या भारतीय वन अधिनियमाच्या कलम २६ अन्वये राखीव रानास आग लावणे हा गुन्हा आहे. शिवाय मुद्दाम अगर घोर हयगयीने वणवा लागल्यास तेथील चराईचे हक्क सरकारास तहकूब करता येतात. एकाची चूक, आणि साऱ्या गावाची गुरे दाव्याला! कलम ७९ प्रमाणे रानात हक्क भोगणाऱ्याने वणवा विझविण्यास झटणेही बंधनकारक आहे.

२०१८ साली केंद्र सरकारने वणव्यांविषयी राष्ट्रीय कृती योजना काढली. आता उपग्रहावरून वणव्याची वर्दी वनखात्यास मिळते. परंतु डोंगरावर प्रथम पोहोचणारे हात गावचेच असतात.

सबब राबाभोवतीचे गवत कापून जाळपट्टा आधी साफ करावा. वारा पडला असता, सकाळी, वरच्या अंगाने पेटवावे. पाणी व हिरवे डहाळे जवळ ठेवावे, आणि राख निवाल्याखेरीज जागा सोडू नये.