लोणच्याचा हिशेब फोडींनी

अगं, मुंजीची यादी करताना ‘लोणचं ५ किलो’ असं डोळे मिटून लिहू नकोस. लोणचं घ्यायचं किलोने, पण हिशेब करायचा फोडींचा. हे एकदा डोक्यात बसलं की मोठ्या कार्यातही तुझी मोजदाद चुकायची नाही.

दुकानात गेलीस की आधी शंभर ग्रॅम लोणचं मागून घे आणि ताटलीत काढून ताटली जरा तिरकी धर. तेल आणि खार एका बाजूला उतरतो, फोडी मागे राहतात. त्या वेगळ्या तोलून बघ. साठ ग्रॅम फोडी निघाल्या तर माल चांगला. चाळीसच निघाल्या तर तू तेलाचे पैसे मोजते आहेस. मग फोडीचा आकार बघ. किलोत ६०० ग्रॅम फोडी धरल्या आणि एकेक फोड १५ ग्रॅमची असली, तर ४० पानांतच किलो संपला. तीच फोड ५ ग्रॅमची, बोराएवढी असली, तर १२० पानं होतात. घरच्या बरणीला मोठी कोयीची फोड शोभते. कार्याला बारीकच घ्यावी.

आता माणसांचा हिशेब. पंगतीत डाव्या बाजूला वाढताना एक बारीक फोड आणि जरासा खार, म्हणजे ८ ते १० ग्रॅम. शंभर पानांना १ किलो. परत मागणाऱ्यांसाठी वर पाव भाग धरायचा. म्हणजे २०० पानांना अडीच किलो पुरे. बुफे असेल तर मात्र ४ किलो धर, कारण तिथे वाढणारा पाहुणाच असतो. लोणच्याच्या भांड्यात पळी कधी ठेवू नकोस. चहाचा चमचा ठेव, भांडंही लहान ठेव आणि लागेल तसं भरत राहा.

कैरीचं आणि लिंबाचं अशी दोन लोणची ठेवणार असशील, तर दुप्पट आणू नकोस. एकूण मापात पाव भाग वाढव आणि वाटून घे. मुलं फार असतील तर लिंबाचं गोड जास्त घे.

बेतही बघावा लागतो. मसालेभात, मठ्ठा, कोशिंबीर, चटणी असं भरलेलं पान असलं की लोणच्याला कमी हात लागतो. पुरी-भाजी किंवा दहीभात असला की जास्त जातं. आणि प्रवासाचा डबा बांधायचा असेल, पोळीबरोबर भाजीच्या जागी लोणचंच असेल, तर माणशी २५ ते ३० ग्रॅम धर. तिथे पंगतीचं माप लावलंस तर निम्मी माणसं कोरडी पोळी खातील.

एकच पाच किलोचा डबा घेण्यापेक्षा किलोकिलोच्या बरण्या घे. एक संपल्यावरच दुसरी फोडायची. न फोडलेली परत घेणार का, ते पैसे देण्याआधी दुकानदाराशी बोलून ठेव. वाढायच्या भांड्यात उरलेलं लोणचं बरणीत परत ओतायचं नाही; कोणाचा ओला चमचा लागला असेल, सांगता येत नाही. ते दोन दिवसांत घरातच संपवायचं.

घरी घालणार असशील तर किलोभर कैरीतून कोय काढून साधारण ७०० ग्रॅम फोडी निघतात. मीठ, मसाला, तेल धरून त्याचं लोणचं किलोभर भरतं. बरणी निवडताना वरती दोन बोटं जागा राहील अशी निवड. तोंडापर्यंत भरलेली बरणी ढवळता येत नाही.

आणि शेवटचं सांगते. अंदाज दोन्हीकडे झुकत असला तर कमीकडे झुक. वरण कमी पडलं तर पंगत अडते, लोणचं कमी पडलं म्हणून कोणी पानावरून उठत नाही. जास्तीचे पैसे तुपावर घाल.