ड्रायरची बटणे आणि लाइट बिल

पावसाळ्यात लॉन्ड्रीवाल्याची खरी कसोटी लागते. कपडे गच्चीवर वाळत नाहीत आणि गिऱ्हाईक मात्र ठरल्या दिवशी दारात उभे राहते. नाइलाजाने छोटा दुकानदार घरगुती ड्रायर घेतो. काम वेळेवर होते, पण महिनाअखेर लाइट बिल पाहून तो कपाळाला हात लावतो. नगाचा दर वाढवता येत नाही, मग नफा राहणार कोठून? अशा बंधूंनी पुढील हिशेब ध्यानात घ्यावा.

एक लिटर पाण्याची वाफ करायला सुमारे ०.७ युनिट वीज लागते. वाया जाणारी उष्णता धरली, तर साधा हीटरचा ड्रायर लिटरमागे एक युनिटच्या आसपास खातो. म्हणून ड्रायरमध्ये जाणारे पाणी कमी करणे ही पहिली बचत होय.

धुलाई यंत्राचा स्पिन मिनिटाला ८०० फेऱ्यांवर असेल, तर ६ किलो सुती कपड्यांत साधारण ४ लिटर पाणी उरते. १४०० फेऱ्यांवर ते ३ लिटरपर्यंत येते. जादा स्पिनला वीज फारच थोडी लागते. म्हणजे प्रत्येक घाण्यामागे सुमारे एक युनिट वाचले. रोज दोन घाणे धरले, तर २६ दिवसांत ५२ युनिट! नाजूक कापड मात्र कमी फेऱ्यांवरच पिळावे.

दुसरी गोष्ट, इस्त्रीच्या कपड्यांना ‘आयर्न ड्राय’ हे बटण लावावे. यात कपडा किंचित ओला राहतो. कपडा कडकडीत वाळवायचा आणि मग पाणी शिंपडून इस्त्री करायची, म्हणजे एकाच कामाचे पैसे दोनदा मोजणे.

तिसरी गोष्ट, यंत्रात ओल ओळखणारा सेन्सर असेल तर मिनिटे लावू नयेत. सेन्सर कपडा वाळताच यंत्र थांबवतो. घड्याळ थांबत नाही. जाड आणि पातळ कपडे वेगळे टाकावेत, नाहीतर एका टॉवेलसाठी दहा शर्ट भाजले जातात.

‘इको’ बटणाने वेळ जास्त लागतो, त्याने घाबरू नये. वीज मुख्यतः हीटर खातो. ड्रम फिरवणारी मोटार त्याच्या दशांशाच्या आसपासच घेते. घाई नसेल तेव्हा ‘इको’च बरे.

प्रत्येक घाण्यानंतर जाळीवरचे तंतू काढावेत. जाळी तुंबली की हवा अडते, वेळ वाढतो आणि आगीचाही धोका असतो.

आमच्या शब्दावर विसंबू नका. दुकानातली इतर उपकरणे बंद ठेवून एक घाणा जुन्या पद्धतीने व एक नव्या पद्धतीने काढा आणि दोन्ही वेळा मीटरचा आकडा वहीत लिहा. दोन आकड्यांतला फरक हाच तुमचा नफा.