चित्रपट, प्रेक्षक आणि न्याय

चित्रपट संपला कीं खुर्ची सोडावी आणि घरीं जावें, असा आपणां सर्वांचा परिपाठ आहे. परंतु एक माहितीपट पाहून कांहीं प्रेक्षक तुरुंगांतील माणसांच्या सुटकेस लागले. त्यांची हकीकत विद्यार्थ्यांनीं व त्यांच्या वडील माणसांनींही समजून घेण्याजोगी वाटल्यावरून ती आम्ही येथें देत आहों.

अमेरिकेच्या आर्कान्सा संस्थानांत वेस्ट मेम्फिस नांवाचें गांव आहे. मे १९९३ मध्यें तेथें आठ वर्षांच्या तीन मुलांचा खून झाला. लोक संतापले, लौकरच १६ ते १८ वर्षांचे तीन तरुण पकडले गेले. त्यांपैकीं एकाचा कबुलीजबाब कित्येक तासांच्या चौकशीनंतर मिळालेला होता, आणि महत्त्वाच्या तपशिलांत तो चुकत होता. दुसरा, डेमियन एकोल्स, काळे कपडे घाली व मेटॅलिका या वाद्यवृंदाचें कर्कश संगीत ऐके. तेवढ्यावरून सैतानाची उपासना करणारा म्हणून तो रंगविला गेला! १९९४ सालीं त्यास देहान्ताची व इतर दोघांस जन्मठेपेची शिक्षा झाली.

जो बर्लिंजर व ब्रूस सिनोफ्स्की हे चित्रपटकार तेथें गेले ते हीं मुलें अपराधी आहेत असें समजूनच. खटला पाहतां पाहतां त्यांचें मत पालटलें. १९९६ सालीं त्यांचा ‘पॅरडाइज लॉस्ट’ निघाला. कॅलिफोर्नियांतील कांहीं प्रेक्षकांनीं तो पाहून साहाय्यक मंडळ स्थापिलें. पुढें मोठमोठे गायक व त्यांचे चाहतेही त्यांस मिळाले. वकील व शास्त्रीय तपासणी यांसाठीं पैसा उभा राहिला. न्यूयॉर्कमधील एका बाईनें एकोल्सला पत्र लिहिलें, १९९९ सालीं तुरुंगांतच त्याच्याशीं विवाह केला, आणि त्याच्या सुटकेच्या कामास स्वतःस वाहून घेतलें.

आतां दुसरी बाजू. २००० सालच्या दुसऱ्या चित्रपटांत मृत मुलांपैकीं एकाच्या सावत्र बापावर संशयाची छाया पडली, आणि तिघांच्या कैवाऱ्यांपैकीं अनेकांनीं ती खरी मानली. माणसाच्या चमत्कारिक वागण्यावरून त्याला खुनी समजावें, हाच अन्याय त्या तिघांवर झाला नव्हता काय? चित्रपटकारानें पक्ष घेण्यास आमची हरकत नाहीं. मात्र एकास सोडविण्यासाठीं दुसऱ्यास पुराव्यावांचून पुढें करणें आम्हांस मान्य नाहीं. त्या बापाचें मन मोठें म्हणावयाचें; तिघेही निर्दोष आहेत असें पटतांच तो त्यांच्या सुटकेसाठीं उघडपणें बोलूं लागला.

घटनास्थळच्या वस्तूंवर त्या तिघांचा जनुकीय माग आढळत नाहीं, असें २००७ सालीं जाहीर झालें. तरी सुटका १९ ऑगस्ट २०११ रोजीं झाली, तीही विचित्र रीतीनें. ‘आम्ही निर्दोष आहों, परंतु दोषी ठरविण्यापुरता पुरावा सरकारापाशीं आहे’ असें कबूल करून ते बाहेर पडले. अठरा वर्षें तुरुंगांत गेलीं, आणि कायद्याच्या दप्तरीं दोष तसाच राहिला. तो पुसण्यासाठीं एकोल्स नवी तपासणी मागत राहिला. खालच्या न्यायालयानें ती नाकारली, पण एप्रिल २०२४ मध्यें आर्कान्साच्या सर्वोच्च न्यायालयानें ती मागण्याचा मार्ग त्याला मोकळा करून दिला.