चित्रपट, कायदा आणि आपले सभागृह

परीक्षा संपली त्या दिवशी वर्गातील एका मित्राने मोबाइलच्या दुकानातून मेमरी कार्डात चार चित्रपट भरून आणले. त्यांतील एकात तर पुढच्या रांगेतील माणसाचे डोके सारखे आडवे येत होते! "एवढे पैसे कोणाजवळ आहेत?" असे तो म्हणाला. वडीगोद्रीहून थिएटरसाठी जालना नाहीतर संभाजीनगर गाठायचे म्हणजे एस.टी.चे भाडेच तिकिटाहून जड होते. तेव्हा त्याचे म्हणणे अगदीच उडवून लावण्यासारखे नाही.

तथापि २०२३ च्या दुरुस्तीनुसार थिएटरात चोरून चित्रण करणाऱ्यास किमान तीन महिने कैद आणि किमान तीन लाख रुपये दंड आहे. कार्ड भरून देणारा दुकानदारही १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात सापडतो.

याच कायद्याचे कलम ५२ मात्र आपल्या उपयोगाचे असून ते फार थोड्यांना ठाऊक असते. शिक्षणसंस्थेच्या उपक्रमात चित्रपट दाखवला आणि प्रेक्षक विद्यार्थी, अध्यापक-कर्मचारी, पालक व संस्थेच्या कार्याशी संबंधित मंडळी एवढेच असले, तर तो हक्कभंग ठरत नाही. साऱ्या गावाला आवतण देता येणार नाही, हे उघड आहे. प्रतही रीतसर मिळवलेली हवी, कार्डातली नव्हे.

दुसरी वाट जुन्या चित्रपटांची. चित्रपटाचा हक्क प्रदर्शनाच्या पुढील वर्षापासून ६० वर्षे चालतो. आचार्य अत्रे यांचा 'श्यामची आई' १९५३ चा. त्याची मुदत २०१३ अखेर संपली. 'प्रभात'चा 'संत तुकाराम' (१९३६) त्याहून कितीतरी आधी मोकळा झाला. परंतु येथे एक मेख आहे. पटकथा आणि गीते यांचा हक्क वेगळा असून तो लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो. 'संत तुकाराम'मधील बीजाचे गाणे पुष्कळजण तुकोबांचा अभंग समजतात. वस्तुतः ते शांताराम आठवले यांचे आहे. म्हणजे चित्रपट मोकळा झाला तरी गाणे आपोआप मोकळे होत नाही.

घरी पाहायचे असल्यास प्रसार भारतीचे 'वेव्हज' नोव्हेंबर २०२४ पासून उपलब्ध असून त्यावर पुष्कळ काही विनामूल्य आहे. यूट्यूबवर निर्मात्याच्या स्वतःच्या वाहिनीवरचे तेवढे पाहावे. कोणीही चढवलेले ते अधिकृत, असे नव्हे.

'श्यामची आई'ला १९५४ साली राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले होते. मराठी विभागाने एखाद्या शनिवारी तो सभागृहात दाखवावा, अशी प्राध्यापक मंडळींना विनंती आहे. खुर्च्या मांडण्याचे व पडदा बांधण्याचे काम आम्ही विद्यार्थी करू.