पंचांगात न मावणारा हिवाळा

ग्रीष्मामागून वर्षा आणि वर्षेमागून शरद, या क्रमावर आपला शेतकरी विसंबून असतो. पाऊस कधी लांबतो, कधी दगाही देतो. परंतु तो कोणत्या महिन्यांत यावयाचा, हे सर्वांस ठाऊक असते. हा आधारच नाहीसा झाला तर?

अमेरिकन कादंबरीकार जॉर्ज मार्टिन यांनी १९९६ साली आरंभिलेल्या कादंबरीमालेत 'वेस्टेरॉस' नावाची अशीच एक कल्पित भूमी रंगविली आहे. तेथील लोक वर्षे आपल्यासारखीच मोजतात. पण ऋतू वर्षाच्या चौकटीत मावत नाहीत. एकेक ऋतू कित्येक वर्षे टिकतो आणि तो केव्हा संपेल, हे कोणासही सांगता येत नाही. तो पालटला की विद्वानांच्या पीठाकडून शुभ्र डोमकावळे गडोगडी ती वार्ता घेऊन जातात.

कथा सुरू होते तेव्हा उन्हाळ्याला नऊ वर्षे झालेली असतात. सात वर्षांच्या ब्रॅनने हिवाळा पाहिलेलाच नाही! म्हातारी नॅन त्याला शंभर फूट साचणाऱ्या हिमाच्या गोष्टी सांगते. सुकाळात वाढलेल्या मुलास त्या केवळ भयकथा वाटाव्यात, यात नवल ते काय? परंतु डोमकावळा आल्यावर पेरणी करून कोठार कसे भरणार? म्हणूनच हिवाळा येणार, याचे स्मरण हेच ब्रॅनच्या स्टार्क घराण्याचे ब्रीद आहे.

मुलांनो, ज्या संकटाची तिथी पंचांगात सापडत नाही, त्याची तयारी सुकाळातच करावी लागते.